सिमिलीपालचे काळे वाघ: उपयोगासाठी काळे की योगायोगाने?

रानवाट्या (धागाकर्ता)
२०२४ च्या शेवटी आमच्या ताडोबातून दोन वाघिणी ओडिशातल्या सिमिलीपालला नेल्या. जमुना आधी, झीनत नंतर. झीनत तिथून निघाली ती झारखंड ओलांडून बंगालात पुरुलिया-बांकुरापर्यंत गेली आणि डिसेंबरअखेर तिला बेशुद्ध करून परत आणावं लागलं, हे बातम्यांत सगळ्यांनी पाहिलंच असेल.

त्या निमित्ताने सिमिलीपालबद्दल वाचायला लागलो. तिथले बरेच वाघ काळे दिसतात. अगदी कोळशासारखे नव्हेत. पट्टे इतके रुंद होऊन एकमेकांत मिसळलेले असतात की मधला पिवळा जेमतेम उरतो. आमच्याकडे गाईड मंडळी, फोटोग्राफर, सगळे एकच कारण सांगतात: तिथलं सालाचं जंगल दाट आणि अंधारं, काळा वाघ त्यात लपतो, म्हणून तो काळा झाला.

मला हे पटेना. दाट जंगल काय फक्त सिमिलीपालला आहे? आणि जंगलावरच्या कुठल्याही गप्पांत प्रत्येक गोष्टीला 'अमुक करण्यासाठी' असं शेपूट लागतंच, त्याबद्दलच मला शंका येऊ लागली आहे. शेपटीचा गोंडा कशासाठी, कानामागचा पांढरा ठिपका कशासाठी. प्राण्याच्या अंगावरची प्रत्येक गोष्ट उपयोगाचीच असते का? आणि नसेल तर ते ओळखायचं कसं? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावं.

अवनी
उपयोगाचं नसतं तर टिकलं कशाला असतं? निसर्ग फुकट काही ठेवत नाही.

भटकभवानी
वाचतेय. खुर्ची टाकून बसले आहे.

जनुकरंग
रानवाट्या, तुमची शंका रास्त आहे, आणि याच वाघांवर चांगलं काम झालेलं आहे. बेंगळुरूच्या एनसीबीएस या जीवविज्ञान संशोधन संस्थेतल्या उमा रामकृष्णन यांच्या गटाचा शोधनिबंध २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांना या रंगामागे टॅकपेप नावाच्या जनुकातला एकच बदल सापडला. हेच जनुक बिघडलं की घरातल्या मांजरीच्या पट्ट्यांचे भोवरे होतात आणि चित्त्यामध्ये ठिपक्यांच्या जागी जाड पट्टे येतात, हे २०१२ पासून माहीत होतं. वाघातला हा बदल अप्रभावी आहे, म्हणजे आई आणि बाप दोघांकडून आला तरच वाघ काळा दिसतो.

आता मुख्य गोष्ट. प्रत्येक वाघात या जनुकाच्या दोन प्रती असतात, एक आईकडची, एक बापाकडची. सिमिलीपालमध्ये बदललेल्या प्रतीची वारंवारता ०.५८ निघाली, म्हणजे तिथल्या शंभर प्रतींतल्या ५८ बदललेल्या. ०.५८ चा वर्ग करा, साधारण एक तृतीयांश वाघ काळे असणार. आणि देशातल्या इतर जंगलांतले जे वाघ तपासले, त्यांत ही प्रत सापडलीच नाही. एका ठिकाणी निम्म्याहून जास्त, बाकी कुठेही शून्य. सिमिलीपालचे वाघ इतर वाघांपासून तुटलेले, संख्येने मोजके आणि आपसात नात्यातले. अशा लहान, एकट्या पडलेल्या समूहात एखादी प्रत निव्वळ योगायोगाने वर चढू शकते, आणि त्यांनी संगणकावर करून पाहिलेल्या प्रतिरूपांतही तसंच दिसलं. याला जेनेटिक ड्रिफ्ट म्हणतात.

ड्रिफ्ट समजायला आपल्याकडची आडनावं बघा. लहानशा वाडीत सुरुवातीला दहा आडनावं असतील. कुणाला मुलीच झाल्या, कुणी मुंबईला गेला तो परतलाच नाही, कुणाला पाच मुलगे झाले. काही पिढ्यांनी अख्ख्या वाडीत दोनच आडनावं उरतात. त्या दोन आडनावांत काही विशेष गुण होता का? मुळीच नाही. वाडी जितकी लहान तितकं हे लवकर घडतं. मोठ्या शहरात हेच व्हायला युगं लागतील. ही नुसती उपमा नाही. आडनावं कशी नष्ट होतात हे गणित १८७०च्या दशकात गाल्टन आणि वॉटसन यांनी मांडलं, आणि तेच पुढे जनुकांना लागू झालं.

अवनी, 'उपयोगाचं नसतं तर टिकलं कशाला असतं' याचं उत्तर: टिकायला उपयोगी असावं लागत नाही. फार नुकसानकारक नसलं आणि समूह लहान असला की पुरतं.

लासलगावकर
आमची वाडी अशीच आहे. अख्ख्या वाडीत एकच आडनाव, पोस्टमन हैराण.

पाटील मास्तर
निवृत्त शिक्षक आहे, दहावीला विज्ञान शिकवायचो. 'आनुवंशिकता व उत्क्रांती' या धड्यात नैसर्गिक निवड असते, जिराफाची मान असते, पण हा योगायोगाचा भाग आम्ही कधी शिकवला नाही. माझा प्रश्न भाबडा वाटेल, तरी विचारतो. हे खरं मानलं तर डार्विन चुकला असं म्हणायचं का? कारण पोरं लगेच तसंच म्हणणार, आणि उत्क्रांती मुळातच न मानणारी मंडळी तर टपूनच बसलेली आहेत. २०२३ मध्ये एनसीईआरटीने दहावीच्या पुस्तकातून उत्क्रांतीचा भाग काढला तेव्हा फार वाईट वाटलं होतं. आपल्या राज्याच्या पुस्तकात तो आहे ही समाधानाची गोष्ट.

जनुकरंग
मास्तर, प्रश्न अजिबात भाबडा नाही. डार्विनने १८५९ मध्येच स्पष्ट लिहिलं होतं की निवड हे बदलाचं मुख्य साधन आहे, पण एकमेव नाही. जे फरक उपयोगाचेही नाहीत आणि अपायकारकही नाहीत त्यांच्यावर निवडीचा परिणाम होणार नाही, ते नुसते खालीवर होत राहतील, हेही त्याने लिहून ठेवलं होतं. ते मोजायचं साधन त्याच्याकडे नव्हतं, कारण आनुवंशिकतेचे नियमच माहीत नव्हते. ते गणित १९२० आणि ३०च्या दशकांत फिशर, राइट आणि हॉल्डेन यांनी उभं केलं.

वर्गात सांगायला एक प्रयोग देतो. पीटर बुरी नावाच्या संशोधकाने १९५६ मध्ये फळमाश्यांचे १०७ समूह ठेवले, प्रत्येकात ८ नर आणि ८ माद्या. डोळ्याच्या रंगाच्या जनुकाच्या दोन प्रती, सुरुवातीला सगळीकडे निम्म्या-निम्म्या. दर पिढीला १६ माश्या उचलायच्या आणि पुढची पिढी सुरू करायची. १९ पिढ्यांनंतर ३० समूहांतून एक प्रत पूर्ण नाहीशी झाली होती आणि २८ समूहांत तीच एकटी उरली होती. सगळ्या बाटल्यांत अन्न तेच, तापमान तेच. दोन्ही बाजूंना जवळजवळ सारखेच समूह गेले. निवड काम करत असती तर सगळे एकाच बाजूला कलले असते.

पाटील मास्तर
वा! हे तर वर्गात चिंचोके घेऊनही करता येईल. पुतणी शाळेत शिकवते, तिला आजच सांगतो. मनापासून आभार.

पऱ्हाटी
यवतमाळ जिल्ह्यातून लिहितो. योगायोगाचं सगळं वाचलं, चांगलं आहे. पण निवड पाहायची असेल तर आमच्या शिवारात या.

२००२ मध्ये बीटी कपाशी आली, म्हणजे अळीला मारणारं विष स्वतःच तयार करणारी, २००६ ला दुसरी, दोन विषांची. पहिली काही वर्षं बोंडअळीच्या फवारण्या खरंच कमी झाल्या. मग गुजरातेत गुलाबी बोंडअळी पहिल्या बीटीला दाद देईनाशी झाली, पुढे दुसरीलाही. २०१७ च्या हंगामात आमच्या भागात बोंडं फोडली की आत अळी. वरून बोंड चांगलं दिसायचं, आत कवडी. वेचणी परवडेना म्हणून लोकांनी उभ्या पऱ्हाटीत जनावरं सोडली.

हे योगायोगाने झालं असं कुणी म्हणेल का? शेत न् शेत विषारी, त्यात जगेल तीच अळी पतंग होणार. एका वर्षात पिढ्या किती होतात बघा. आणि आमच्याकडे फरदड घेतात, म्हणजे डिसेंबरनंतरही पाणी देऊन कपाशी उभी ठेवायची. अळीला आयतं खाणं उन्हाळ्यापर्यंत.

बियाण्याच्या ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत बिगरबीटीची १२० ग्रॅमची पुडी यायची, ती बांधाने लावायची असं होतं. ती का लावायची हे आम्हाला कुणी नीट समजावलं नाही. उत्पन्न कमी येतं म्हणून बहुतेकांनी लावलीच नाही. जनुकरंग, ती पुडी कशासाठी होती ते इथे एकदा साध्या भाषेत लिहा. माझ्या गावच्या ग्रुपवर टाकायचं आहे.

जनुकरंग
पऱ्हाटी, तुमची पोस्ट या धाग्याचा दुसरा अर्धा भाग आहे. पुडीबद्दल सांगतो.

पहिल्या बीटीचं विष अळीच्या आतड्यातल्या कॅडहेरिन नावाच्या प्रथिनाला चिकटतं. हे प्रथिन बिघडलेलं असेल तर विष चिकटत नाही आणि अळी जगते. पण त्यासाठी आई आणि बाप दोन्हींकडून बिघडलेली प्रत यावी लागते. एकच बिघडलेली असेल तर अळी मरते. सुरुवातीला अशा प्रती फार थोड्या असतात. बांधावर बिगरबीटी कपाशी असली की तिच्यावर साध्या अळ्या भरपूर वाढतात आणि त्यांचे पतंग बीटीतून वाचलेल्या एखाद्या पतंगाशी जुगतात. पिल्लांना एकच बिघडलेली प्रत मिळते, ती बीटी खाऊन मरतात. पुडी लावली नाही तर वाचलेल्याला जोडीदार मिळतो तोही वाचलेलाच, आणि सगळी पिल्लं तगतात.

अमेरिकन बोंडअळी तूर, हरभरा असं कितीतरी खाते, म्हणून तिला बांधावरच्या कपाशीशिवायही विषमुक्त अन्न मिळतं आणि साध्या अळ्या शिल्लक राहतात. गुलाबी अळी जवळपास कपाशीवरच जगते. तिच्यासाठी ती पुडी हाच काय तो आसरा होता. अमेरिकेत ॲरिझोनामध्ये बिगरबीटी पट्टे काटेकोर लावले गेले, नंतर निर्बीज केलेले पतंगही सोडले, आणि २०१८ मध्ये तिथल्या कपाशीतून ही अळी संपल्याचं जाहीर झालं. तोच कीटक, तेच विष.

आणि हेही बघा: भारतातल्या अळ्यांत कॅडहेरिन एकाच पद्धतीने बिघडलेलं नाही, बऱ्याच वेगवेगळ्या पद्धतींनी बिघडलेलं सापडलं. बिघाड कुठे होईल हे आंधळं असतं. झालेल्या बिघाडांतून कोण जगेल हे मात्र आंधळं नाही.

पऱ्हाटी
ग्रुपवर टाकलं. ही माहिती पंधरा वर्षांपूर्वी मिळायला हवी होती. तेव्हा मिळाली असती तर निदान आमच्या चार घरांनी तरी बांध लावले असते.

अवनी
म्हणजे मी म्हणत होते तेच सिद्ध झालं की! निवड सगळं करते.

शलाका
अवनीताई, अळी आणि वाघ यांच्यात फरक संख्येचा आहे. अळ्या अब्जावधी, सिमिलीपालचे वाघ दोन-तीन डझन. एखाद्या प्रतीचा फायदा किंवा तोटा हा प्रजनन करणाऱ्या जीवांच्या संख्येच्या दुपटीने १ ला भागून येणाऱ्या आकड्यापेक्षा बराच मोठा असेल तर निवड जिंकते, नाहीतर ड्रिफ्ट. पिल्लं देणारे वाघ २० धरले तर हा आकडा अडीच टक्के. म्हणजे काळ्या रंगाने वाघाला एक टक्का फायदा होत असला तरी या समूहात तो योगायोगाच्या गोंधळात बुडून जाईल. अळीच्या बाबतीत एक टक्का म्हणजे प्रचंड.

शिवाय मोठ्या समूहातही पूर्ण सुटका नाही. हॉल्डेनने १९२७ मध्ये दाखवलं की नव्याने उपजलेला, एक टक्का फायद्याचा बदल टिकण्याची शक्यता फक्त दोन टक्क्यांच्या आसपास असते. शंभरातले अठ्ठ्याण्णव चांगले बदल सुरुवातीच्या काही पिढ्यांतच नुसत्या दुर्दैवाने हरवतात. पहिल्यांदा हे गणित करून पाहिलं तेव्हा मला रात्री झोप लागली नव्हती.

लासलगावकर
बिचारे अठ्ठ्याण्णव.

भटकभवानी
हॉल्डेन म्हणजे तेच ना, जे शेवटी भारतात येऊन राहिले, धोतर-कुर्ता घालायचे?

शलाका
तेच. १९५७ मध्ये कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेत आले, १९६१ मध्ये भारताचे नागरिक झाले, पुढे भुवनेश्वरला प्रयोगशाळा काढली आणि १ डिसेंबर १९६४ ला तिथेच वारले. ज्या राज्यातल्या वाघांवर आपण बोलतोय त्याच राज्यात.

त्यांचा या विषयाशी आणखी एक धागा आहे. १९५७ मध्येच त्यांनी हिशेब मांडला होता की निवडीच्या जोरावर एक प्रत जाऊन दुसरी यायला सरासरी ३०० पिढ्या लागाव्यात, कारण प्रत्येक बदलाची किंमत मृत्यूंमध्ये मोजावी लागते. १९६८ मध्ये जपानच्या मोटो किमुरांनी प्रथिनांतले फरक मोजले तर सस्तन प्राण्यांत साधारण दर दोन वर्षांनी एक बदल कायमचा होतोय असं निघालं. हॉल्डेनच्या हिशेबात हे बसणंच शक्य नव्हतं. किमुरांनी निष्कर्ष काढला की रेणूंच्या पातळीवरचे बहुतेक बदल ना फायद्याचे ना तोट्याचे, ते ड्रिफ्टने येतात. त्यावर पुढची कित्येक वर्षं कडाक्याचे वाद झाले. किमुरांच्या सहकारी तोमोको ओहता यांनी १९७३ मध्ये त्यात थोड्या तोट्याच्या बदलांची भर घातली: लहान समूहात तेही टिकून जातात. वाघांसाठी मला ओहतांचं काम सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं.

लासलगावकर
शलाकाताई, कांद्याबद्दल काही आहे का? आमच्या गावची अस्मिता सांभाळावी.

शलाका
आहे की, आणि अगदी या विषयातलंच! कांद्याच्या पेशीत माणसाच्या पाचपट डीएनए असतो. माणसाचा सुमारे ३२० कोटी अक्षरांचा, कांद्याचा १,६०० कोटींच्या आसपास. फुगू माशाचा मात्र जेमतेम ४० कोटी. रायन ग्रेगरी या शास्त्रज्ञाने यावरून एक कसोटीच सुचवली. डीएनएचं प्रत्येक अक्षर कामाचं आहे असं वाटत असेल तर कांद्याला माणसाच्या पाचपट का लागतं ते सांगा. कांद्याचा बराचसा डीएनए स्वतःच्याच नकला करत पसरलेल्या तुकड्यांचा आहे. तो तिथे आहे कारण तो पसरू शकला आणि कांद्याला त्याचा फारसा त्रास झाला नाही.

लासलगावकर
म्हणजे भाव पडला तरी कांदा माणसापेक्षा पाचपट मोठा. उद्या लिलावाला सांगतो.

अवनी
कांदा मान्य. पण आज उपयोग माहीत नाही म्हणून उपयोग नाहीच असं कसं म्हणता? आधी टॉन्सिल्स आणि अपेंडिक्सही निरुपयोगी म्हणायचे.

जनुकरंग
रास्त मुद्दा आहे. म्हणून पुरावा दोन्ही बाजूंनी मागायचा. १९७९ मध्ये गूल्ड आणि लेवॉन्टिन या जीवशास्त्रज्ञांचा निबंध गाजला तो यासाठीच. प्रत्येक गुणाला मनाने एक उपयोग चिकटवायचा आणि तो खोटा ठरला की दुसरा शोधायचा, या सवयीवर त्यांनी टीका केली. लेवॉन्टिन गेंड्याचं उदाहरण देत. आपल्या काझीरंगातल्या गेंड्याला एक शिंग, आफ्रिकेतल्याला दोन. शिंग असणं उपयोगी असेल. पण भारतात एकच बरं आणि आफ्रिकेत दोनच बरी, असं काही कारण असण्याची गरज नाही. वेगळ्या सुरुवातीपासून निघाले, वेगळ्या जागी पोचले. त्यातही सुमात्रातला गेंडा आशियातलाच असून दोन शिंगांचा आहे.

रक्ताचा लाल रंगही तसाच. हिमोग्लोबिन प्राणवायू वाहतं म्हणून टिकलं, त्याचा रंग लाल आहे हे त्याच्यासोबत आलं. लाल दिसण्याचा फायदा कुणालाच झालेला नाही.

निशाचर
सगळ्यांशी थोडा वाद घालतो. कोकणात बिबट्यांचं काम पाहतो, आमच्याकडे सिंधुदुर्गात काळे बिबटे दिसतात. ताडोबासारख्या कोरड्या जंगलातही अधूनमधून दिसल्याची छायाचित्रं आहेत. २०१७ मध्ये बिबट्यांच्या काळ्या रंगावर एक मोठा अभ्यास आला. आशिया-आफ्रिकाभरच्या नोंदी एकत्र केल्या तर सुमारे ११ टक्के बिबटे काळे, आणि ते ओलसर दाट जंगलांत जास्त, मोकळ्या कोरड्या भागांत नगण्य. हे योगायोगाने कसं होईल? म्हणजे अंधाऱ्या जंगलात काळं असण्याचा फायदा मांजरकुळाला मिळतो. मग वाघाला का नाही?

जनुकरंग
निशाचर, बिबट्यांच्या बाबतीत मी तुमच्याच बाजूचा आहे. तिथे एकच नमुना वेगवेगळ्या देशांत, एकमेकांशी संबंध नसलेल्या समूहांत पुन्हा पुन्हा दिसतो. ओल वाढते तसा काळा रंग वाढतो. ड्रिफ्ट असं करू शकत नाही, त्याला जंगल ओलं की कोरडं हे कळत नाही.

वाघाचं तसं नाही. केरळात, ईशान्येत, सुंदरबनात ओलसर अंधारी जंगलं आहेत, वाघही आहेत, पण काळे वाघ नाहीत. एकाच, सगळ्यांत एकट्या पडलेल्या समूहात आहेत. रंग तोच असला तरी दोघांचा इतिहास वेगळा असू शकतो. रानवाट्यांनी विचारलं होतं ओळखायचं कसं, तर एक मार्ग हाच: एकाच परिस्थितीत वेगवेगळे समूह स्वतंत्रपणे तिकडेच जातात का, हे बघायचं.

निशाचर
बदल घडलाच नसेल तर निवड कशातून करणार? केरळात तो बदल कधी उपजलाच नसेल. म्हणून तिथे काळे वाघ नाहीत यावरून काळा रंग निरुपयोगी ठरत नाही.

जनुकरंग
हे बरोबर बोललात. निरुपयोगी आहे असं मी म्हणत नाही. एवढी वारंवारता समजावून सांगायला उपयोगाची गरज पडत नाही, इतकंच म्हणतो.

डॉ. नीलिमा
गडचिरोलीत काही वर्षं काम केलेली डॉक्टर आहे. हा फरक आमच्या रोजच्या कामात कसा येतो ते सांगते.

सिकलसेलचा रुग्ण गडचिरोलीत, नंदुरबारात पदोपदी भेटतो. हिमोग्लोबिनच्या साखळीत सहाव्या जागी एक अमिनो आम्ल बदललेलं असतं. दोन्ही प्रती तशा असतील तर वेदनेचे झटके, रक्तक्षय, आयुष्यभराचा त्रास. पण एकच प्रत असलेल्याला जीवघेण्या मलेरियापासून बरंच संरक्षण मिळतं, हे १९५४ मध्ये ॲलिसन यांनी आफ्रिकेत दाखवलं. मलेरियाच्या पट्ट्यात ही प्रत निवडीने टिकवली. जिथे मलेरिया ओसरला तिथे फायदा गेला, आजार उरला.

आता दुसरं उदाहरण. आर्य वैश्य समाज तेलंगण-आंध्रात आहे, आपल्याकडे नांदेड-चंद्रपूर भागातही आहे. या समाजातल्या काही लोकांच्या रक्तात एक विकर नसतं, आणि भूल देताना स्नायू सैल करायला सक्सिनिलकोलीन दिलं तर ते तासन् तास उतरत नाही, रुग्णाला स्वतःचा श्वास घेता येत नाही. या बदलाचा कुठला फायदा सापडलेला नाही. थोड्या पूर्वजांपासून समाज वाढला, लग्नं आपसातच झाली, आणि त्या पूर्वजांपैकी कुणाकडे असलेली प्रत सगळीकडे पोचली. हैदराबादच्या सीसीएमबी या पेशी व रेणू जीवशास्त्र संस्थेच्या संशोधकांनी परदेशी सहकाऱ्यांसोबत २०१७ मध्ये दक्षिण आशियातले २६३ समूह तपासले, त्यांपैकी ८१ समूहांत असा मोजक्या पूर्वजांचा ठसा फिनलंडच्या लोकांपेक्षाही गडद निघाला. आपण सगळेच थोडेफार सिमिलीपालमध्ये राहतो.

दोन्ही आजार आनुवंशिक, पण एक निवडीचा आणि एक योगायोगाचा. रुग्णाने 'आमच्यातच हे का' असं विचारलं की मी हाच फरक सांगते. लोक याला पाप, शाप म्हणतात, मुलींची लग्नं मोडतात. त्यात कुणाचाही दोष नसतो हे सांगायला ही माहिती फार उपयोगी पडते. आणि भूल देणाऱ्या डॉक्टरांना घरातला असा इतिहास आवर्जून सांगा.

भटकभवानी
डॉक्टर, तुमच्यासाठी लॉगिन करून लिहितेय. फार गरजेचं लिहिलंत. आईच्या ऑपरेशनआधी घरात विचारपूस करणार.

हृदयस्थ
डॉ. नीलिमांना पूरक: दक्षिण आशियातल्या सुमारे ४ टक्के लोकांत हृदयाच्या स्नायूच्या एका जनुकातला २५ अक्षरांचा तुकडा गळालेला असतो. २००९ चा शोध, भारतीय संशोधकांचाच. त्याने हृदयाचा स्नायू उतारवयात कमजोर होण्याचा धोका वाढतो. इतकं वाईट असून इतकं सर्वत्र कसं? कारण त्रास सुरू होतो तोवर मुलंबाळं झालेली असतात. निवडीची नजर तिथवर नीट पोचत नाही.

रानवाट्या (धागाकर्ता)
सगळ्यांचे मनापासून आभार, इतकं मिळेल असं वाटलं नव्हतं. आता मूळ मुद्द्याकडे येतो, कारण एक गोष्ट मला अस्वस्थ करतेय. काळा रंग ड्रिफ्टने आला असेल, तर त्याच ड्रिफ्टने न दिसणारं काय काय आलं असेल? रंग डोळ्यांना दिसतो म्हणून आपण बोलतोय.

दुसरी गोष्ट. जानेवारी २०२४ मध्ये बारिपदाजवळ काळ्या वाघांची खास सफारी जाहीर झाली. ताडोबाच्या वाघिणी गेल्या त्या नवं रक्त मिसळावं म्हणून. काही फोटोग्राफर मित्र म्हणतात, यामुळे काळे वाघ कमी होतील, जगातली एकमेव गोष्ट नाहीशी होईल. मला ते पटत नाही, पण त्यांना नीट उत्तर देता येत नाही.

शलाका
रानवाट्या, उत्तर द्यायला अमेरिकेतल्या फ्लोरिडाचा प्यूमा आहे, मांजरकुळातलाच मोठा प्राणी. नव्वदच्या दशकात तिथे २०-३० प्यूमाच उरले होते. त्यांची ओळख म्हणजे शेपटीच्या टोकाला गाठ आणि पाठीवर केसांचा भोवरा. लोक ती या प्यूमांची खासियत समजत. ती ड्रिफ्टची खूण होती, आणि सोबत न दिसणारं बरंच होतं: नरांची वृषणं खाली न उतरणं, हृदयातले दोष. १९९५ मध्ये टेक्सासहून आठ माद्या आणून सोडल्या. शेपटीची गाठ कमी झाली, पिल्लं जास्त जगू लागली, संख्या शंभरावर गेली. रणथंभोरच्या वाघांतही २०२१ च्या एका जनुकीय अभ्यासात आपसातल्या प्रजननाचे परिणाम दिसले आहेत. लहान समूहात थोड्या तोट्याचे बदलही टिकतात हे ओहतांचं म्हणणं मी वर सांगितलं होतं ते यासाठीच.

आणि पांढऱ्या वाघाचं काय झालं ते त्या मित्रांना सांगा. १९५१ मध्ये रीवाच्या महाराजांनी मोहन नावाचा बछडा पकडला. त्याचा रंग टिकवायला त्याची जोडी त्याच्याच मुलीशी लावली, आणि पुढेही तेच होत राहिलं. प्राणिसंग्रहालयांतल्या कित्येक पांढऱ्या वाघांच्या दुबळ्या तब्येतीत तो इतिहास आहे.

अवनी
हे वाचून मत बदललं माझं. रंगापेक्षा वाघ महत्त्वाचा.

निशाचर
मिश्रणाला माझा पाठिंबाच आहे, पण माझा मुद्दा सोडत नाही. ताडोबाच्या वाघिणींची पिल्लं झाली तर काळी प्रत आधी खाली येणार हे उघड आहे. पण ती नाहीशी होणार नाही, दबून राहील. मग पुढच्या काही पिढ्यांत ती पुन्हा वर चढली तर? आणि चढत राहिली तर? तेव्हा मी हा धागा वर काढीन.

जनुकरंग
नक्की काढा. फक्त एकदा वर चढली म्हणून सिद्ध होणार नाही, तीस वाघांत ती कशीही हलेल. काळे आणि साधे वाघ किती वर्षं जगतात, किती बछडे वाढवतात, शिकार साधण्याचं प्रमाण काय, हे वाघागणिक नोंदवावं लागेल. आणि तेवढ्या पिढ्या जायला काही दशकं लागतील.

निशाचर
मग तोवर विष्ठा, केस गोळा करून डीएनएचे नमुने जपून ठेवायला हवेत, दर वर्षी, प्रत्येक वाघाचे. कॅमेऱ्यात पट्टे दिसतात, प्रत दिसत नाही. एकच प्रत असलेला वाघ साधाच दिसणार.

रानवाट्या (धागाकर्ता)
आमच्या जंगलातही हे करायला हवं. ताडोबातून वाघिणी बाहेर जातायत, त्यांच्याबरोबर काय गेलं आणि इथे काय उरलं याची नोंद असायला हवी. वनखात्यातल्या ओळखीच्या माणसांशी बोलतो. निशाचर, विष्ठेचा नमुना किती दिवस जुना चालतो आणि तो कशात ठेवायचा, ते लिहाल का?